क्लॅरी जागचा हलला नाही

माझा दीर क्लॅरी टोबिन आयुष्यात एकाच सिनेमात हिरो झाला, तोही एका घोड्याच्या कृपेने.

सिनेमावाले आमच्या बिंडाऱ्यात आले ते चौऱ्याऐंशी सालच्या जून महिन्यात, आमच्याकडचा हिवाळा लागल्यावर. क्वीन्सलँडच्या या पश्चिम टोकाला तोवर कुणी मुद्दाम आलेलं मला आठवत नाही. येतात ते रस्ता चुकून, नाहीतर पोलीस मागे लागले म्हणून. त्यांना रानातल्या एका खमक्या माणसाची गोष्ट करायची होती. त्यात घोडे होते, गुरं होती, मारामारी होती आणि शेवटी भर उन्हाळ्यात ट्रक बंद पडल्यावर हिरो एकटा चाळीस मैल चालून जिवंत परत येत होता. या कामासाठी त्यांनी सिडनीहून एक देखणा नट आणला होता. दुसऱ्याच दिवशी घोड्याने त्याला असा काही भिरकावला की बिचाऱ्याचं खांद्याचं हाड मोडलं.

क्लॅरी तेव्हा कुंपणाला टेकून उभा होता. रस्ता बंद ठेवायला सांगितलं होतं म्हणून त्या दिवशी त्याच्या हाताला काम नव्हतं.

"घोड्याला बोल लावू नका," तो म्हणाला. "त्याने आधी दोनदा विचारलं होतं, तुम्ही उतरताय का म्हणून."

दिग्दर्शक ॲड्रियन कीटली तिशीतला पोरगेला माणूस होता. डोक्यावर कोरी करकरीत हॅट, कडेला किमतीची चिठ्ठी अजून चिकटलेली. एवढ्या गोंधळातही तो हसला, मग त्याने वळून क्लॅरीकडे नीट पाहिलं आणि पाहतच राहिला. चौथ्या दिवशी आमचा क्लॅरी हिरो झाला.

तो तेव्हा त्रेपन्न वर्षांचा होता. कौन्सिलचा ग्रेडर चालवायचा. आमच्याकडचे रस्ते मातीचे. गुरांचे ट्रक गेले की त्यांच्यावर पन्हाळी पत्र्यासारख्या आडव्या खाचा पडतात, त्या या यंत्राने खरवडून सारख्या करायच्या. एका टोकाकडून दुसऱ्या टोकाला पोचायला त्याला सहा आठवडे लागत, तोवर पहिलं टोक पुन्हा बिघडलेलं असे. "रस्ता टिकत नाही," तो सांगायचा, "पण नोकरी टिकते." ग्रेडरच्या मागे एक छोटी कॅरॅव्हॅन जोडलेली, तेच घर. लग्न केलं नाही. शहरातल्या एका पाहुण्या बाईंनी त्याला रस्त्यात थांबवून विचारलं होतं, इथे ऊन किती अंशांपर्यंत जातं? "सांगता यायचं नाही," क्लॅरी म्हणाला. "थर्मामीटर लावला होता. तो काम सोडून गेला."

सिनेमात तो तसाच वागला. रंगभूषेची मुलगी त्याच्या तोंडाला धूळ लावायला आली तर म्हणाला, "राहू दे पोरी, मी घरून आणलीय." जूनमध्ये उन्हाळा दाखवायचा म्हणून त्याच्या अंगावर पिचकारीने पाणी मारायचे. तो डोळे मिटून उभा राही. "आयुष्यात पहिल्यांदा माझा घाम दुसरा कुणी गाळतोय," तो म्हणे. एकदा ॲड्रियनने त्याला क्षितिजाकडे बघत गमावलेल्या प्रेमाचा विचार करायला सांगितलं. क्लॅरीने असं पाहिलं की कॅमेऱ्यामागच्या दोन मुलींनी डोळे पुसले. ॲड्रियनने भारावून विचारलं, मनात नक्की काय होतं?

"ग्रेडरचा मागचा टायर," क्लॅरी म्हणाला. "डावा."

हे मी ऐकीव सांगत नाही. त्या सगळ्या पलटणीचा स्वयंपाक माझ्याकडे होता. एरवी मी बिंडारा हॉटेलच्या स्वयंपाकघरात असते. त्या दिवसांत उघड्यावर तंबू ठोकून पन्नास माणसांना मटण आणि बटाटे वाढत होते. गाव नुसतं फुलून गेलं होतं. घोडेस्वार आमचे, गुरं आमची, भिंतींना रंग लावणारे आमचे, आणि वर हिरोही आमचाच. सत्तर वस्तीच्या गावाने आणखी काय मागावं? संध्याकाळी बारमध्ये जो तो क्लॅरीचं नवं वाक्य दुसऱ्याला सांगत असे.

मी मात्र हसत नव्हते. मी त्याच्या ताटात वाढायची आणि पुढच्याकडे वळायची. एकतीस वर्षं मी त्याच्याशी अशीच वागत आले होते. का, ते सांगते.

माझा नवरा डेस हा क्लॅरीचा थोरला भाऊ. त्रेपन्न सालच्या जानेवारीत, भर उन्हाळ्यात, दोघं भाऊ ट्रक घेऊन नऊ नंबरच्या बोअरवर पवनचक्की दुरुस्त करायला गेले. वाटेत ट्रकचा आस मोडला. आम्ही ज्याच्या गुरांवर कामाला होतो आणि जिथे राहत होतो, त्या मालकाचं घर मागे एकेचाळीस मैल. आमच्याकडे मूल चालायला लागलं की पहिली गोष्ट शिकवतात ती ही: गाडी बंद पडली तर गाडी सोडायची नाही. गाडी विमानातून दिसते, माणूस दिसत नाही. हे दोघांनाही ठाऊक होतं. तरी डेस चालत निघाला आणि क्लॅरी ट्रकच्या सावलीत बसून राहिला. त्याने रेडिएटरमधलं पाणी प्यायलं, जादाचा टायर जाळला, आणि धूर बघून पाचव्या दिवशी माणसं तिथे पोचली. डेस त्यांना सहाव्या दिवशी सापडला, एकोणीस मैलांवर. मी तेव्हा आठ महिन्यांची पोटुशी होते.

क्लॅरीने पोलिसांना सांगितलं, "मीच त्याला जा म्हणालो." एवढंच. कागदावरही तेवढंच उतरलं.

गावाने हॉलच्या भिंतीवर डेसच्या नावाची पितळी पाटी लावली, 'मदत आणायला गेला' अशी. क्लॅरीला कुणी टोचून बोललं नाही. आमच्याकडे टोचून बोलत नाहीत, तो आला की बोलणं बदलतात. ते जास्त लागतं. पुढे वर्षं गेली तसं गाव विसरलं. मी कशी विसरणार? धडधाकट बावीस वर्षांचा गडी स्वतः सावलीत बसतो आणि भावाला उन्हात धाडतो. माझ्या मुलीचं, आयल्साचं, त्याने सगळं केलं. शाळेला नेऊन सोडलं, ट्रक चालवायला शिकवलं. आज ती या भागातला टपालाचा ट्रक चालवते ती त्याच्यामुळे. दर हिवाळ्यात माझ्या दारात लाकडं आणून टाकायचा. मी लाकडं घेत होते. आत ये म्हणत नव्हते.

तर शेवटचा प्रसंग चित्रित करायचा दिवस आला. ओसाड दगडी मैदानात एक जुना ट्रक उभा करून ठेवला होता. क्लॅरीने त्यातून उतरायचं, बॉनेट उघडून बघायचं, हॅट नीट करायची आणि क्षितिजाकडे चालू पडायचं. जेमतेम दोनशे पावलं.

क्लॅरी उतरला. बॉनेट उघडून पाहिलं. मग ट्रकला वळसा घालून सावलीच्या बाजूला गेला आणि चाकाला पाठ लावून खाली बसला.

"कट," ॲड्रियन म्हणाला. "क्लॅरी, तुम्हाला चालायचंय."

"कळतंय मला."

"मग?"

"तो चालला तर गुरुवारपर्यंत मरेल."

ॲड्रियनने समजावलं, हा सिनेमा आहे, यात तो मरत नाही.

"यात नाही मरत," क्लॅरी म्हणाला. "पण बघून आलेले मरतात. दर दोन-तीन वर्षांनी एक पाहुणा गाडी सोडून चालत निघतो. रस्त्यावर मी असतो, म्हणून सापडतो मला. गाडी जागेवर असते, सावलीसकट."

"अहो पण नुसता बसलेला हिरो कोण बघणार?"

"त्याची आई," क्लॅरी म्हणाला.

त्या दिवशी काम झालं नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. क्लॅरी सकाळी आठला येऊन चाकाला टेकून बसे, दुपारी जेवायला तंबूत येई, ताट स्वच्छ करून परत जाऊन बसे आणि पाच वाजता घरी जाई. कामाच्या वेळा पाळून हट्ट करणारा माणूस मी दुसरा पाहिला नाही. पाठमोरा कुणी दुसरा चालवून बघावा म्हणून ॲड्रियनने आमच्या घोडेस्वारांना विचारलं, पण क्लॅरीची ती ढांगा टाकायची चाल कुणाला जमेना, आणि खरं सांगायचं तर कुणी जीव ओतून प्रयत्नही केला नाही. तरी गाव धुसफुसत होतंच. सिनेमावाल्यांनी तिसऱ्या दिवशी गाशा गुंडाळायचं ठरवलं होतं. सिनेमा अर्धवट राहिला तर एवढ्या दिवसांची सगळ्यांची मेहनत पाण्यात जाणार होती, आणि बिंडारा हे नाव जगात कुठेही दिसणार नव्हतं. बारमध्ये पुन्हा एकदा क्लॅरी आला की बोलणं बदलू लागलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी ॲड्रियन माझ्याकडे आला. हॅट हातात, चेहरा उतरलेला.

"बाई, तुम्ही त्यांच्या वहिनी. तुमचं ऐकतील का?"

"एकतीस वर्षांत त्याला ऐकण्यासारखं मी काही बोलले नाही," मी म्हटलं. पण एप्रन सोडला आणि निघाले. खरं सांगते, त्याच्या सिनेमासाठी नाही निघाले. माझ्या डोक्यात राग सणसणत होता. माझा डेस चालत गेला होता, आणि हा माणूस सगळ्या जगासमोर चालणं हा मूर्खपणा आहे म्हणून सांगत बसला होता.

क्लॅरी मला येताना बघून थोडा सरकला, सावलीत जागा झाली. मी उभीच राहिले.

"आज मटण कच्चं राहिलं होतं," तो म्हणाला.

"तू दोनदा घेतलंस."

"खात्री करून घेत होतो."

"क्लॅरी, दोनशे पावलं चाल आणि संपव हे. गावासाठी चाल."

"नाही."

"डेसला बरा धाडलास. तेव्हा नाही सुचलं हे शहाणपण? त्याला एकेचाळीस मैल जा म्हणालास आणि आज कॅमेऱ्यासमोर तुझे पाय दुखतायत होय?"

तो हॅट काढून आत काहीतरी शोधल्यासारखं बघत होता. मग म्हणाला, "मी नाही धाडलं त्याला."

"पोलिसांना तूच सांगितलंस."

"सांगितलं."

"मग खोटं होतं ते?"

"हो."

मला तिथे बसावंच लागलं.

"मी म्हणालो बस," क्लॅरी म्हणाला. "तो म्हणाला चालतो. मी दोन मैल त्याच्यामागे गेलो. धरला त्याला. शर्टाची बाही माझ्या हातात राहिली."

डेसला आणलं तेव्हा त्याच्या शर्टाला उजवी बाही नव्हती. पोलीस म्हणाले होते, उन्हाने भ्रम झाला की माणूस कपडे फाडतो. हे मी कुणाजवळ कधी बोलले नव्हते.

"मग गेला कशाला तो?" मी विचारलं. "त्याला कळत नव्हतं का?"

मी पुन्हा विचारलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा तो हळूच म्हणाला, "शुक्रवार होता, नोरीन."

आणि मला सगळं आठवलं. डेस निघाला तेव्हा मी दारात उभी होते. आमचं पहिलं मूल जन्मतानाच गेलं होतं आणि या वेळी मी फार घाबरले होते. मी त्याचा हात सोडत नव्हते. शनिवारी रात्री घरात नसलास तर बघ, असं मी त्याच्याकडून शपथेवर कबूल करून घेतलं होतं. तो शब्दाचा पक्का होता. मी त्याला वचनात अडकवलं होतं, म्हणून तो चालला.

हे मला कळलं असतं तर त्या वेळी, त्या अवस्थेत, मी आणि आयल्सा दोघीही राहिलो नसतो. बावीस वर्षांच्या पोराला ते कळलं होतं. म्हणून त्याने दोन शब्दांत सगळा दोष अंगावर घेतला आणि एकतीस वर्षं माझं वाकडं तोंड बघत मला लाकडं आणून दिली.

मी रडले. रडता रडता त्याला शिव्याही दिल्या, त्या इथे लिहिण्यासारख्या नाहीत. त्याने सगळ्या ऐकून घेतल्या.

"तुझी चूक नव्हती," शेवटी तो म्हणाला. "डेस आमच्या दोघांत सरस होता. चुकला तो एकदाच." हॅट डोक्यावर ठेवत म्हणाला, "मी कितीतरी वेळा चुकलो, पण नेमका बसलेला असायचो."

मी तंबूकडे परत आले आणि ॲड्रियनला खुर्चीवर बसवून सगळं सांगितलं, जे मला अर्ध्या तासापूर्वी माहीत नव्हतं ते सगळं. त्याने हॅट मांडीवर ठेवून नीट ऐकून घेतलं. त्या पोराबद्दल मी आधी जे काही बोलले असेन ते त्या दिवशी परत घेतलं.

"मग बसू दे त्यांना," तो म्हणाला. "आपण बसलेलेच दाखवू. पण त्यांना शोधायला कोण येईल?"

"आयल्सा," मी म्हटलं. "त्या खडकांतून ट्रक तिच्याशिवाय कुणाला नेता येणार नाही."

त्या संध्याकाळी मी आयल्साला जवळ बसवून सांगितलं. ती माझ्यासारखी रडकी नाही, बापावर गेलीय. फक्त उठून बाहेर गेली आणि अंगणातल्या लाकडांच्या ढिगाशी बराच वेळ उभी राहिली.

तिसरा अख्खा दिवस त्यांनी क्लॅरीला बसलेलं चित्रित केलं. सावली सरकते तसा तो सरकतो. रेडिएटरची तोटी सोडून डब्यात पाणी धरतो, वास घेतो, तोंड वेडंवाकडं करतो आणि पितो. टायर पेटवतो. त्याला काही शिकवावं लागलं नाही. ॲड्रियनने एकदा विचारलं, आता काय करणार? "बसणार," क्लॅरी म्हणाला. "अनुभव आहे." सगळे हसले, मीही हसले. मला हसताना बघून तो क्षणभर गोंधळला.

मग आयल्साचा ट्रक धुळीतून आला. तिने फक्त उतरायचं होतं आणि 'बरा आहेस ना?' असं विचारायचं होतं. क्लॅरीने मान हलवायची होती. ती उतरली. त्याच्यापुढे गुडघ्यांवर बसली. पण तिच्या तोंडून शब्द फुटेना. कॅमेरा चालूच होता. क्लॅरीने तिच्याकडे पाहिलं. तिचे डोळे डेसचे आहेत, सगळेच म्हणतात. त्याचा चेहरा असा झाला की मी एकतीस वर्षांत तो पाहिला नव्हता. कोरड्या आवाजात त्याने विचारलं, "डेस पोचला का?"

हे कुठल्याच कागदावर लिहिलेलं नव्हतं. त्रेपन्न साली माणसं त्याच्याजवळ पोचली तेव्हा त्याने पहिला प्रश्न हाच केला असणार, आणि त्यांनी माना खाली घातल्या असणार. मी कॅमेऱ्यामागे तोंडात एप्रन कोंबून उभी होते.

आयल्साने त्याचा हात धरला.

"पोचला, काका," ती म्हणाली. "ऊठ आता. आई वाट बघतेय."

क्लॅरी उठला. गुडघे वाजले त्याचे, सिनेमात ऐकू येतात. ॲड्रियन कट म्हणायला विसरला, आणि ते दोघं ट्रकपर्यंत गेले, ट्रक सुरू झाला आणि निघूनसुद्धा गेला.

वर्षभराने सिनेमा आमच्या हॉलमध्ये दाखवला. आजूबाजूच्या दोनशे मैलांतली माणसं आली होती. क्लॅरी शेवटच्या रांगेत, दाराजवळ बसला होता. मी जाऊन त्याच्या शेजारची खुर्ची घेतली. घोड्यावरच्या प्रसंगांना लोकांनी शिट्ट्या मारल्या, पिचकारीच्या घामाला टाळ्या दिल्या. "चेहरा जरा जास्तच आहे," क्लॅरी मला म्हणाला. माझ्या दिराचा चेहरा वीस फूट उंच दिसत होता आणि मला अभिमानाने दम लागल्यासारखं झालं होतं, हे सांगायला मला लाज वाटत नाही. शेवटच्या प्रसंगाआधीच गावाला सगळं कळलेलं होतं. मीच सांगितलं होतं, घरोघर जाऊन.

सिडनीत आणि मेलबर्नमध्ये तो सिनेमा तीन आठवडे चालला. ॲड्रियनने पत्रात लिहिलं की तिकडे प्रेक्षक बाहेर पडताना एकच गोष्ट विचारतात, हा डेस कोण, मधला एखादा प्रसंग कापलाय का?

आमच्या हॉलमध्ये क्लॅरीने पडद्यावर 'डेस पोचला का?' असं विचारलं, तेव्हा कुणीच काही विचारलं नाही. पुढच्या रांगेतला पहिला माणूस डोक्यावरची हॅट काढून उभा राहिला, मग दुसरा, आणि मग सगळा हॉल मागे वळून, क्लॅरीकडे तोंड करून उभा राहिला.